चॉपस्टिकवरून चॉपस्टिकवर

जपानला जायची माझी मुळीच इच्छा नव्हती. हे आधीच सांगून टाकते, कारण इथे लंडनजवळ वॉटफर्डच्या आमच्या मराठी मंडळातल्या बायका अजून विचारतात, ट्रिप कशी झाली, काय काय खाल्लं? मी "छान झाली" म्हणते आणि त्यांच्या नातवंडांची चौकशी सुरू करते. खाल्लं म्हणाल तर तिथल्या एका बाजारात मला जे गिळावं लागलं ते अजून घशाखाली उतरलेलं नाही.

हे गेले त्याला तेव्हा वर्ष होत आलं होतं. हे म्हणजे माझा नवरा. इथल्याच हॉस्पिटलात भूलतज्ज्ञ होते, आणि मी त्याच हॉस्पिटलात एक्स-रे डिपार्टमेंटला. आम्हाला एकच मुलगा. तो बायकोबरोबर लंडनला राहतो, तिथेच नोकरी करतो, या देशातच जन्मला, इथेच शिकला. वर्षभर मी घरातून फारशी बाहेर पडत नाही हे पाहून त्याने ठरवलं की आईला चेंज हवा. इथला जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर, जसा काही कळेनासं झालं की पॅरासिटमॉल लिहून देतो, तशी ही मुलं हल्ली दुःखावर हॉलिडे लिहून देतात. तिकिटं काढून झाल्यावर मला सांगण्यात आलं. क्योतोमध्ये एका सकाळी गाईडबरोबर बाजारातून हिंडायचं, थोडं थोडं चाखायचं, अशी एक छोटी टूरही त्याने बुक केली होती. तुला भाजीबाजार आवडतो ना, म्हणाला. मला भाजीबाजार आवडतो तो भाजी घ्यायला. गळ्यात बिल्ला अडकवून, झेंडीच्या मागे मागे फिरत दुसऱ्याच्या भाज्या बघायला नव्हे.

पण पुढचं कळायला आधी राखेचं सांगायला हवं.

आपल्याकडे तिसऱ्या दिवशी सावडायला जातात. चिता विझलेली असते. तिच्यावर दूध-पाणी शिंपडतात आणि मुलगा, भाऊ, पुतणे ओणवे होऊन राखेतून अस्थी वेचतात. बायका जात नाहीत. माझे वडील गेले तेव्हा मी इथून धावतपळत पुण्याला पोचले होते, तरी सावडायच्या दिवशी मला दारातच उभं राहावं लागलं. भाऊ परत आला तो नखांत राख घेऊन. त्याने नंतर मला सांगितलं, तिथे हातात हाड आलं तेव्हा पटलं की बाबा गेले, त्याआधी पटलं नव्हतं. ते वाक्य माझ्या मनात राहिलं होतं.

इथल्या क्रेमॅटोरियमचं तुम्हाला माहीत आहे. पडदा सरकतो, बटण दाबतात, आपण मागच्या दाराने बाहेर पडतो आणि पुढच्या दाराशी दुसऱ्या कुटुंबाच्या गाड्या लागलेल्या असतात. मग काही दिवसांनी मुलगा गाडीतून एक प्लास्टिकची बरणी घेऊन आला. फिरकीचं झाकण, वर ह्यांच्या नावाचा स्टिकर. मी ती उघडली. आत रांगोळी होती. खरंच रांगोळी, राखाडी-पांढरी, एकसारखी, चाळून घेतल्यासारखी. त्यात माणसाचं म्हणावं असं काहीही नव्हतं.

मी दिराला विचारलं. ह्यांचा धाकटा भाऊ ईलिंगला असतो, अंत्यविधीचं सगळं त्याने आणि मुलाने मिळून पाहिलं होतं. म्हणजे दिराने ईलिंगच्या सोफ्यावरून फोन केले आणि मुलगा इकडे तिकडे पळाला. दीर म्हणाला, वहिनी, इथे असंच असतं, मशीनमध्ये दळून देतात, सावडणं वगैरे प्रकार इथे नसतो. मुलगा शेजारीच बसला होता, त्याने मान हलवली. मी विश्वास ठेवला. या देशात चाळीस वर्षं काढल्यावर "इथे असंच असतं" हे वाक्य ऐकून घ्यायची सवय होते. हॉस्पिटलच्या वेटिंग लिस्टबद्दल ते ऐकून घेतलं, हीटिंग बिघडल्यावर ऐकून घेतलं, मग नवऱ्याच्या हाडांबद्दलही ऐकून घेतलं. अस्थी घरात आणत नाहीत, म्हणून बरणी मागच्या शेडमध्ये ठेवली, गवत कापायच्या लॉनमोवरच्या वरच्या फळीवर. ह्यांनी त्या लॉनमोवरला जन्मात हात लावला नव्हता.

तर क्योतो. सकाळी बाजाराच्या तोंडाशी आम्ही सगळे जमलो. आम्ही दोघं मायलेक, ग्लासगोचं एक रिटायर्ड जोडपं, आणि दोन डच मैत्रिणी ज्या दिसेल त्याचा फोटो काढत होत्या. गाईड साधारण पन्नाशीची बाई, हातात पिवळी झेंडी, इंग्रजी शाळेतल्या बाईंसारखं सुटं सुटं. तिने पहिलाच नियम सांगितला की चालता चालता खायचं नाही. ज्या दुकानात घेतलं त्याच्यासमोर उभं राहून संपवायचं, काडी त्यांनाच परत द्यायची, मग पुढे. मला बाई आवडली. आमच्याकडेही हातात खाऊ घेऊन घरभर फिरणाऱ्या पोराला धपाटा मिळायचा. ग्लासगोच्या गृहस्थांना मात्र हा नियम जुलूम वाटला, ते दर दुकानाशी त्याच्यावर विनोद करत राहिले आणि त्यांची बायको दर विनोदाला सॉरी म्हणत राहिली.

बाजार म्हणजे एक लांबलचक अरुंद बोळ, वर रंगीत काचेचं छप्पर. पिंपांत भरलेली लोणची, कोंड्यात पुरलेले मुळे, चिमटीएवढे वाळवलेले मासे, आणि काडीला टोचलेले छोटे ऑक्टोपस, ज्यांच्या डोक्यात म्हणे अंडं भरलेलं होतं. मी मासे खात नाही, अंडं खाते. तसं मुलाने बुकिंग करताना कळवलेलं होतं, आणि गाईड बिचारी दर दुकानाशी माझ्यासाठी काहीतरी वेगळं शोधत होती.

मग आम्ही ऑम्लेटच्या दुकानाशी आलो. तिथे चौकोनी तव्यावर ऑम्लेटच्या घड्या घालत घालत जाडजूड वळकटी करतात आणि तुकडे करून देतात. प्रत्येकाच्या हातात कागदी ताटली आणि चॉपस्टिक आल्या. मी तुकडा उचललाही होता, तेवढ्यात गाईडला आठवलं आणि तिने घाईघाईने मला सांगितलं की यात माशाचं पाणी असतं, त्याशिवाय हे ऑम्लेट होतच नाही, तिची चूक झाली. आता माझ्या चॉपस्टिकमध्ये तो तुकडा, आणि टाकून देणं माझ्या हाताला ठाऊक नाही. मी तोंड लावलेलं नव्हतं, म्हणजे उष्टं नव्हतं. मुलाच्या ताटलीत तिथलंच मासा भरलेलं ऑम्लेट होतं, तिथे मी माझ्या चॉपस्टिक टेकवणार नव्हते. म्हणून मी त्याच्याकडे हात पुढे केला आणि म्हटलं, घे रे, तोंड लावलेलं नाही. त्याने आपल्या चॉपस्टिकने माझ्या चॉपस्टिकमधला तुकडा पकडला. कोणाचं उष्टं नाही, कोणाचा हात नाही, स्वच्छ काम.

गाईडच्या तोंडून एक बारीक आवाज निघाला. तिने आपली ताटली आमच्या दोघांच्या मधे धरली आणि तुकडा तीत पाडायला लावला. दुकानातली म्हातारी दुसरीकडे बघायला लागली. गाईड हळूच म्हणाली की असं कृपा करून करू नका, एकाच्या चॉपस्टिकमधून दुसऱ्याच्या चॉपस्टिकमध्ये कधीच द्यायचं नाही. ग्लासगोच्या गृहस्थांनी विचारलं, का? ती म्हणाली, नंतर सांगेन, खाताना नको. मला ते खटकलं. चारचौघांत मला टोकलं होतं, निदान कारण तरी कळू दे. मी म्हटलं, आत्ताच सांगा.

तिने झेंडी खाली केली आणि थोडक्यात सांगितलं. त्यांच्याकडे माणूस गेला की दहनानंतर घरच्यांना आत बोलावतात. हाडं तशीच राहतील असं बघूनच दहन करतात. मग नातेवाईक दोघंदोघं पुढे येतात, एकच हाड दोघांनी मिळून आपापल्या चॉपस्टिकने उचलायचं आणि कलशात ठेवायचं, किंवा एकाने दुसऱ्याकडे द्यायचं. सुरुवात पायांपासून आणि डोकं शेवटी, म्हणजे कलशात माणूस उलटा होत नाही. म्हणून जेवताना दोघांच्या चॉपस्टिक एका घासाला लागत नाहीत. तिच्या आईच्या वेळी हाड तिच्या चॉपस्टिकमधून निसटत होतं, पण दुसऱ्या बाजूने भावाने धरलेलं होतं, असंही ती म्हणाली. मग लगेच आमची भूक घालवल्याबद्दल तिने माफी मागितली. ग्लासगोच्या बाईंनी आपला तुकडा ताटलीत ठेवून दिला होता.

माझी भूक गेली नव्हती. उलट मला कित्येक महिन्यांत कोणाचं बोलणं इतकं आपलं वाटलं नव्हतं. मी मुलाला मराठीत म्हटलं, "बघ. एवढ्या पुढारलेल्या देशात अजून हाताने वेचतात. तुझ्या बाबांच्या वेळी वॉटफर्डला तेवढी सोय असती तर किती बरं झालं असतं."

मुलगा गाईडच्या ताटलीतल्या त्या तुकड्याकडे बघत होता.

"आई," तो म्हणाला, "त्यांनी विचारला होता."

"कोणी? काय?"

"फ्युनरल डिरेक्टरने. फोनवर. सम हिंदू फॅमिलीज प्रेफर इट, म्हणाले. बोन्स तशीच ठेवतात, फॅमिली येऊन कलेक्ट करू शकते. मी नो म्हटलं. काका पण म्हणाले, नको."

तळपायाची आग मस्तकात जाते म्हणतात ती त्या दिवशी माझ्या अंगातून गेली, आणि मी चारचौघांत कागदी ताटली हातात धरून उभी होते. मी विचारलं, का नको म्हणालास? त्याचं उत्तर तयार होतं. म्हणजे वर्षभर तयारच ठेवलेलं होतं. तू अपसेट झाली असती. काका म्हणाले, असं पण बायका जात नाही. आणि बाबा गेल्यावर तुला अजून हे कशाला.

अपसेट. माझं सगळं नोकरीचं आयुष्य हाडं बघण्यात गेलं. पडलेल्या म्हाताऱ्यांची हाडं, मोटरवेवरून आणलेल्या तरण्या पोरांची हाडं, आणि ज्यांच्या मोडण्याची कहाणी आईबाप सांगत होते तशी नव्हती अशा बाळांची हाडं. त्या एक्स-रेच्या फिल्म्स लावून मी घरी येत होते आणि याच मुलाला वरणभात कालवून भरवत होते. हे एकदा हॉस्पिटलच्या कार पार्कमध्ये बर्फावरून घसरून पडले, तेव्हा त्यांच्या मनगटाचा एक्स-रे मीच काढला. दुसरीला काढू दिला नाही. ते हाड कुठे जोडलं गेलं, तिथे कसा उंचवटा राहिला, हे मला पाठ होतं. मला त्या राखेतून ते सापडलं असतं की नाही कोण जाणे. पण शोधायचा हक्क माझा होता. चाळीस वर्षं ज्या माणसाशेजारी झोपले त्याची हाडं मला सोसणार नाहीत, हे ज्याने ठरवलं त्याला मी शू करायला शिकवलं होतं.

आणि दोघं खोटं बोलले ते वेगळंच. बरणी उघडून मी विचारलं तेव्हा दोघंही समोर होते. एकाने "इथे असंच असतं" म्हटलं, दुसऱ्याने मान हलवली. त्या क्षणी जरी खरं सांगितलं असतं तरी मी ओरडले असते, रडले असते आणि संपलं असतं. पण वर्षभर मी या देशाला, इथल्या मशीनला, इथल्या लोकांच्या कोरडेपणाला शिव्या घालत राहिले, आणि माझ्याच घरातले दोन पुरुष त्या ऐकून घेत राहिले.

टूर अर्धी राहिली होती. सोडून जाता आलं असतं, पण कुठे जाणार होते? परतीचा रस्ता माहीत होता तो मुलाला. मी झेंडीमागे चालत राहिले. लोणच्याच्या दुकानात गाईडने भरपाई म्हणून मला सगळ्या पिंपांतलं चाखवलं, आणि मी सगळं खाल्लं, एकाचीही चव कळली नाही. चाकूच्या दुकानात पात्यावर नाव कोरून देत होते, तिथे मुलगा माझ्यासाठी काहीतरी घ्यावं असं म्हणायला लागला. मी म्हटलं, आत्ता माझ्या हातात चाकू देऊ नकोस. तो हसला नाही. शेवटी सगळ्यांचा फोटो काढला. त्यात ग्लासगोचे गृहस्थ दोन बोटं वर करून उभे आहेत आणि त्यांच्या शेजारी मी, पासपोर्टचा फोटोही नाकारला गेला असता अशा चेहऱ्याने.

निरोप घेताना गाईड मला बाजूला घेऊन पुन्हा माफी मागायला लागली. तिला वाटलं, तिच्या बोलण्यामुळे मी दुखावले. मी तिचा हात धरून सांगितलं की तुम्ही काहीही चुकीचं केलेलं नाही, जे माझ्या घरच्यांनी सांगायला हवं होतं ते तुम्ही सांगितलंत. तिला ते कितपत समजलं माहीत नाही. तिने वाकून नमस्कार केला, मीही केला.

उरलेल्या प्रवासात मी मुलाशी कामापुरतं बोलले. ट्रेन किती वाजता, तुझं जॅकेट कुठे आहे, एवढंच.

वॉटफर्डला आल्यावर सोमवारी सकाळी मी स्वतः अंत्यविधीची व्यवस्था बघणाऱ्या त्या फ्युनरल डिरेक्टरकडे फोन केला. फोनवरच्या मुलीचा आवाज गोड होता. ती म्हणाली, हो तर, बरीच कुटुंबं तसं मागतात, आधी सांगून ठेवलं की क्रेमॅटोरियमशी बोलून व्यवस्था करता येते. तुमच्या घरात कोणाची तब्येत बरी नाही का, असं तिने काळजीने विचारलं. मी नाही म्हटलं आणि फोन ठेवला. रडले नाही. मला राग आलेला असताना रडू येत नाही, हा माझा लहानपणापासूनचा स्वभाव आहे, आणि त्याचा मला फायदाच झालेला आहे.

मग दिराला फोन लावला. त्याने आधी आठवत नाही म्हटलं, मग आठवलं. म्हणाला, वहिनी, झालं ते झालं, आम्ही तुमच्या भल्यासाठीच केलं ना. मी म्हटलं, "भाऊजी, यापुढे माझं भलं करायच्या आधी मला विचारत जा." तो म्हणाला, तुम्ही फार मनाला लावून घेता. जन्मभर उंटावरून शेळ्या हाकणाऱ्या माणसाला आणखी काय सांगायचं? त्यानंतर जाऊबाईंचे दोन-तीन मेसेज आले, देवाचे फोटो असलेले. मी उत्तर दिलं नाही.

रविवारी मुलगा आला. सुपरमार्केटातली फुलं आणली होती, माझ्या आवडीची भाजी मुद्दाम वेम्बलीच्या भारतीय दुकानांत जाऊन आणली होती. चहा झाला. पुढच्या महिन्यात बरणी नाशिकला न्यायची, त्याची रजा, तिकिटं, एअरलाइनला लागणारी कागदपत्रं, असं सगळं तो भराभरा बोलत राहिला. मी ऐकून घेतलं. मग म्हटलं, आता माझं ऐक. माझ्या वेळी मशीन नको. मला दळायचं नाही. तीन दिवस लागू देत नाही तर तेरा, तुला जाऊन हाताने वेचायचं.

तो लगेच "ओके" म्हणाला. कौन्सिलच्या, म्हणजे नगरपालिकेच्या, माणसाला फोन ठेवण्यासाठी म्हणतात तसं ओके.

"नुसतं ओके नको," मी म्हटलं. "तू स्वतः जाशील का?"

फुलांचा प्लास्टिकचा कागद टेबलावर होता, त्याच्या तो घड्या घालत होता. मी विचारलं, कोणाबरोबर जाशील, काकाला नेशील का, बायको येईल का? त्याने मान वर केली नाही.

"मला नाही जमणार, आई," तो म्हणाला. "तेव्हा पण नसता जमला. आय कुडंट सी हिम लाइक दॅट. ते फोनवर बोन्स म्हणाले ना, तेव्हाच मला... मी नो म्हटलं आणि मग काकाला विचारलं."

म्हणजे आधी नो म्हटलं आणि मग विचारलं. म्हणजे आई अपसेट होणार होती हे नंतर सुचलं. बायका जात नाहीत हे त्याच्याही नंतर. भीती त्याची, आणि वर्षभर खपवली ती माझ्या नावावर. माझ्या मंडळातल्या बायकांनाही दिराने हेच सांगितलं असणार, बिचारी फार खचली आहे, तिला काही कळवायला नको. त्या मला भेटल्या की दंडावरून हात फिरवायच्या, तो का फिरवायच्या ते मला त्या दिवशी समजलं.

तो माझा मुलगा आहे. बाप गेला तेव्हा त्यालाही भीती वाटणार, हे न समजायला मी दगड नाही. एरवी मी उठले असते, त्याच्या डोक्यावरून हात फिरवला असता, म्हटलं असतं, जाऊ दे बाळा. पण मला इतकी वर्षं सगळ्यांना जाऊ दे म्हणायची सवय लागली होती, आणि त्यातूनच हे झालं होतं.

"मग तू घरी बसायचं होतंस," मी म्हटलं. "तुला बघायचं नव्हतं. मला बघायचं होतं."

तो रडायला लागला. मी जागची उठले नाही.